घानात नमस्कार नक्की कोणत्या भाषेत घालायचा?

टेमाचा_नवखा

मंडळी, चार महिन्यांपूर्वी नोकरीनिमित्त घानात आलो. कारखाना टेमा बंदराजवळ, राहायला कम्युनिटी ११ मध्ये. (टेमा हे आखून वसवलेलं शहर. इथल्या वस्त्यांना नावांऐवजी नंबर दिलेत.)

यायच्या आधी मोबाईलवर च्वी भाषेचे धडे गिरवले होते. गेटवरचा रखवालदार त्यावर बेहद्द खूश. पण आमच्या स्टोअरमध्ये पन्नाशी ओलांडलेले एक काका आहेत, त्यांना रोज सकाळी "एते सेन?" म्हणजे "कसं काय?" असं विचारलं की ते इंग्रजीत "फाइन" एवढंच बोलून रजिस्टरमध्ये डोकं घालायचे. मला वाटलं, स्वभाव असेल. परवा त्यांनी माझं अडलेलं चलन काढून दिलं म्हणून मी झोकात "मेदासे" म्हणून आभार मानले. त्यांनी पेन खाली ठेवलं, चष्मा काढला आणि म्हणाले, "मित्रा, मी अकान नाही. घाना म्हणजे च्वी असं तुला कुणी सांगितलं?"

मी गार.

नंतर कळलं की काका एवे आहेत. पॅकिंगमधला एकजण स्वतःला फांटे म्हणवतो, दुसरा असांते, आणि दोघंही वर अकान आहेत म्हणे. कँटीनवाल्या बाई डांग्मे. माझं डोकं गरगरायला लागलंय. तर प्रश्न दोन: एकच भाषा शिकायची तर कोणती? आणि समोरचा कुठल्या जमातीचा आहे हे न दुखावता विचारायचं कसं?

सडेतोड

इंग्रजी इथली राजभाषा आहे. ऑफिसात सगळ्यांना येते. उगाच चार शब्द पाठ करून लोकांना दुखावण्यापेक्षा "गुड मॉर्निंग" म्हणा आणि कामाला लागा. मी लागोसात सात वर्षं हेच केलं, काही अडलं नाही.

बुधवारची_अकुआ

सडेतोड, अडलं नाही कारण तुमची भाजी ड्रायव्हर आणत असणार. (राग मानू नका.)

टेमाचा_नवखा, मी घानात एकूण बारा वर्षं काढली. सहा असांते भागातल्या कुमासीत, तीन वोल्टा या एवे भागातल्या हो गावात, आता अक्रात. तुमच्या स्टोअरच्या काकांनी तुम्हाला जे ऐकवलं ते मला होच्या बाजारात ऐकायला मिळालं, आणि तेही पाठमोरं.

झालं असं की कुमासीहून आले तेव्हा माझी च्वी बऱ्यापैकी सुटली होती. होच्या बाजारात गारी घ्यायला गेले. (गारी म्हणजे कसावा किसून, आंबवून, पिळून, भाजून केलेला रवा. तो ओलोंका नावाच्या पत्र्याच्या डब्याने मापून देतात.) मी ऐटीत च्वीतून भाव विचारला. बाईने च्वीतूनच सांगितला, ओलोंका शिगोशिग भरला, वर नेहमीसारखी मूठभर जास्तही घातली. मी पाठ वळवली तशी शेजारणीला म्हणाली, "ब्लुतो." दोघी हसल्या. घरी येऊन घरमालकिणीला विचारलं. एवेत "ब्लु" म्हणजे अकान, आणि "ब्लुतो" म्हणजे अकान माणूस. एवढी साडी नेसलेली बाई, आणि मला अकान ठरवून मोकळ्या! कारण मी त्यांच्या दारात जाऊन शेजाऱ्याची भाषा बोलले होते.

आता तुमचा गोंधळ. अकान हे मोठं छत्र आहे, आणि च्वी ही त्यातल्या असांते, अक्वापेम वगैरेंची भाषा. त्याखाली असांते, फांटे, आक्येम, अक्वापेम, बोनो, क्वाहू असे बरेच येतात. २०२१ च्या जनगणनेत देशाची लोकसंख्या ३ कोटी ८ लाख होती. त्यात अकान ४५.७ टक्के, उत्तरेकडचे मोले-दाग्बानी गटातले १८.५, एवे १२.८ आणि गा-डांग्मे ७.१. म्हणजे निम्म्याहून जास्त देश अकान नाही. तरी च्वी सगळीकडे ऐकू येते. बाजार च्वीत चालतो, ट्रोट्रोतला (वडापच्या गाडीतला) मेट, म्हणजे कंडक्टर, च्वीत ओरडतो, आणि १९९९ मध्ये अकान भाषेतलं पहिलं मोठं एफएम स्टेशन निघाल्यापासून तर सकाळच्या बातम्या, भांडणं, औषधांच्या जाहिराती सगळं च्वीत. त्यामुळे परदेशी माणसाला वाटतं, हीच घानाची भाषा. एवे, गा, दागोम्बा लोकांचं दुखणं नेमकं तेच आहे. त्यांना च्वी येत नाही असं नाही, अस्खलित येते. येते हे गृहीत धरलेलं आवडत नाही, कारण उलट बाजूने कुणी एवे शिकत नाही.

फांटे आणि असांते एकमेकांचं बरंचसं समजतात, पण फांटे माणसाला "तुम्ही च्वी बोलता ना?" असं विचारून बघा. च्वीत "वो हो ते सेन?" तर फांटेत "वो हो त्से देन?" त्या एका "त्से"वर केप कोस्टचा, म्हणजे फांटे माणूस ओळखू येतो, आणि त्याला त्याचा अभिमानही असतो. मिशनऱ्यांनी एकोणिसाव्या शतकात अक्वापेमची लिपी वेगळी बसवली, फांटेची वेगळी, पुढे असांतेची आणखी निराळी झाली. सगळ्यांसाठी एक लेखनपद्धती ठरायला १९७८ साल उजाडलं. तरी आजही शाळेत या तिन्हींची पुस्तकं स्वतंत्रच.

आणि एक, "जमात" हा शब्द माझ्यापुरता मी सोडलाय. सव्वा कोटीच्या वर लोकांना जमात म्हणताना जीभ अडखळते. इथले लोक स्वतः इंग्रजीत "ट्राइब" सर्रास वापरतात, तो त्यांचा हक्क. आपण मराठीत लिहिताना "समाज" म्हटलं तर काय बिघडतं?

विचारायचं कसं? समाज विचारूच नका. गाव विचारा. "तुमचं मूळ गाव कुठलं?" यावर इथे माणूस खुलतो. अक्रात जन्मलेला, तिथेच वाढलेला माणूससुद्धा आजोबांचं गाव सांगतो, कारण मयत आणि सण तिथेच होतात. केटा, आन्लोगा, हो, क्पांडो म्हणाला की एवे. तामाले, येंडी म्हणाला की बहुतेक दागोम्बा. मग म्हणायचं, "तुमच्याकडे सकाळी काय म्हणतात?" बस.

नावावरून मात्र अंदाज बांधू नका. शुक्रवारी जन्मला तो कोफी, हे सगळ्यांना माहीत. पण कोफी अकानही असतो आणि एवेही. मंगळवारचा अकान मुलगा क्वाबेना, तर एवे मुलगा कोम्ला. गा-डांग्मेंमध्ये पहिला मुलगा टेटे, पहिली मुलगी डेडे, दुसरी कोरकोर, म्हणजे तिथे वाराऐवजी क्रम. मी बुधवारची, म्हणून कुमासीच्या बाजाराने मला अकुआ केलं ते कायमचं.

टेमाचा_नवखा

अकुआताई, मनापासून आभार. "ब्लुतो" वाचून एकटाच हसलो, शेजारच्या टेबलावरचे बघायला लागले.

एक सांगा, पॅकिंगमधल्या पोराने स्टोअरच्या काकांचा उल्लेख "अयिग्बे" असा केला. हा एवेचाच दुसरा शब्द आहे का? वापरू का?

बुधवारची_अकुआ

अजिबात नको! आधी हे लिहायला हवं होतं. अकान आणि गा लोक एवेंना मागून तसं म्हणतात, आणि बहुतेक एवेंना ते टोचतं. गंमत म्हणजे अग्बोझुमेकडची खोबरं घातलेली कडक बिस्किटं देशभर "अयिग्बे बिस्किट" म्हणून विकली जातात, एवे बायकाच रस्त्यावर विकतात, आणि तेव्हा कुणाला काही वाटत नाही. बिस्किटाला चालतं, माणसाला नाही.

तुम्हाला स्वतःला काय म्हणतात त्यावरूनही आपण कुठल्या मुलखात आहोत ते कळतं बरं का. कुमासीत पोरं मागून ओरडायची "ओब्रोनी!" होमध्ये तीच हाक "येवू!" जुन्या अक्रात गा म्हाताऱ्या म्हणतात "ब्लोफोन्यो." तामालेला गेले तर "सिलिमिंगा." आपण मुळीच गोरे नाही, पण बाहेरचा तो बाहेरचा. एसटीत झोप लागली आणि जाग आली तर हाक ऐकून गाव ओळखावं. (एसटी म्हणजे इथली एसटीसी. नाव जवळजवळ तेच निघालं, पहिल्या दिवशी मला भरून आलं होतं.)

ओष्ठ्य_दंत्य

उशिरा आलो, पण या धाग्यावर राहवत नाही. लेगॉनच्या विद्यापीठात दोन वर्षं होतो तेव्हा एवेचे वर्ग केले. मराठी माणसासाठी थोडी मजा आणि थोडी मेख आहे.

मजा अशी की एवेत द आणि ड हे वेगळे वर्ण आहेत. रोमन लिपीत ड साठी त्यांनी शेपटीवाला डी घेतलाय. वर्गातले युरोपीय विद्यार्थी त्या दोनांत तीन आठवडे अडकून होते. मी पहिल्या दिवशी सुटलो आणि उगाचच हुशार ठरलो.

मेख अशी की "एवे" हा शब्दच आपल्याला नीट म्हणता येत नाही. त्यांच्याकडे व दोन आहेत. एक वरचे दात खालच्या ओठाला लावून, दुसरा दोन्ही ओठ जवळ आणून मधून वारा सोडत, दिवा विझवायला हलकी फुंकर घालावी तसा. भाषेचं नाव दुसऱ्या व ने. पहिल्या व ने म्हटलंत तर अर्थ होतो "दोन". मी सहा महिने लोकांना अभिमानाने सांगत होतो की मी "दोन" शिकतोय. सरांनी एकदाही दुरुस्त केलं नाही, पुढच्या वर्षी सांगितलं.

"आभारी आहे" म्हणजे "अक्पे". यातला क्प हे आपलं जोडाक्षर समजू नका. आधी क् मग प असं नाही. ओठ मिटलेले असतानाच जिभेची मागची बाजू वर टेकवायची आणि दोन्ही एकदम सोडायचं. बुडबुडा फुटल्यासारखा आवाज येतो. आरशासमोर करा, दाराला कडी लावून.

आणि च्वीत स्वर चढ-उतार न पाळता "पापा" म्हणू नका. दोन्ही अक्षरं वरच्या पट्टीत म्हटली तर "चांगलं", खालून वर गेलात तर "वडील", दोन्ही खालच्या पट्टीत तर "पंखा". मी एका मित्राच्या वडिलांना आदराने पंखा म्हणून आलोय.

बाकी मेसेजमध्ये ३ चा इंग्रजी आकडा आणि बंद कंस शब्दाच्या मधेच दिसले तर फोन बिघडला असं समजू नका. च्वीतला रुंद ए लिहायचं अक्षर उलट्या ३ सारखं दिसतं, आणि रुंद ओ चं उलट्या सी सारखं. साध्या कीबोर्डवर ती नसतात, म्हणून पोरांनी ३ आणि कंस कामाला लावलेत.

सडेतोड

वाचतोय. तरी माझा मुद्दा कायम आहे. सत्तर-ऐंशी भाषांच्या देशात शाळा, कोर्ट, सरकार इंग्रजीतच चालणार. उद्या एवे शिकलात, परवा बदली तामालेला झाली तर?

बुधवारची_अकुआ

तर तामालेला "दासिबा" शिकायचं. सकाळी कुणी "दासिबा" म्हटलं की उत्तर द्यायचं "ना". झाली दाग्बानीची, म्हणजे दागोम्बांच्या भाषेची, पहिली इयत्ता. तिथे नुसता नमस्कार दोन मिनिटं चालतो. घर, काम, मुलं, झोप, सगळ्याची चौकशी, आणि प्रत्येकाला उत्तर "ना". दोन मिनिटांची बदली झेपेल की नाही?

पण तुमचा मुद्दा अगदीच टाकाऊ नाही. शाळेत अकरा स्थानिक भाषांची पाठ्यपुस्तकं आहेत, त्यात तीन अकानच्याच. बाकी एवे, गा, डांग्मे, दाग्बानी, दागारे, गोंजा, कासेम, न्झेमा. पहिली तीन वर्षं स्थानिक भाषेत शिकवायचं असा नियम इंग्रजांच्या काळापासून येतो-जातो. २००२ मध्ये सरकारने पहिलीपासून इंग्रजी केलं, काही वर्षांनी पुन्हा फिरवलं. कुमासीत मी गणित शिकवायचे त्या शाळेत आवारात "वर्नाक्युलर" बोललेल्या मुलाचं नाव फळ्यावर लिहायचे. मुलं भागाकार च्वीत करायची, ओठ न हलवता. उत्तर इंग्रजीत सांगायची. मी बघून न बघितल्यासारखं करायचे, कारण मीही हातचे मराठीतच धरते.

नवखा, तुम्ही मघाशी "समोरचा कुठला" असं विचारलंत म्हणून एक गोष्ट सांगते. माझा एक सहकारी होता. वडील असांते, आई एवे. असांतेंमध्ये मूल आईच्या कुळाचं. त्या कुळाला अबुसुआ म्हणतात. वडिलांचं प्रेम असतं, नाव मिळतं, पण कूळ आईचं आणि वारसा मामाचा. मामाला वोफा म्हणतात, आणि वोफाचा घरातला वट बघाल तर चकित व्हाल. एवेंमध्ये उलट, मूल वडिलांच्या कुळाचं. आता माझ्या सहकाऱ्याचा हिशोब करा. असांते म्हणतात, तू आईचा. एवे म्हणतात, तू वडिलांचा. आई अकान आणि वडील एवे असते तर दोन्हीकडचा झाला असता. उलटं झालं म्हणून दोन्हीकडून पाहुणा.

त्याच्या वडिलांच्या मयताला आम्ही कुमासीला गेलो होतो. मंडपाखाली एका बाजूला वडिलांचा अबुसुआ, लाल-काळ्या कापडात, मधे कुळाचा वडीलधारा. देणग्यांची नावं भोंग्यावर पुकारली जात होती. हा थोरला मुलगा, सगळा खर्च याचा, पण निर्णयाला कुजबुज झाली की ती त्या बाजूला. हा आमच्याबरोबर प्लॅस्टिकच्या खुर्च्या लावत होता. १९८५ च्या कायद्यानंतर मृत्युपत्र नसलं तरी माणसाने स्वतः कमावलेलं एक घर आणि घरातलं सामान बायको-मुलांकडे जातं. आधी तेही पुतण्यांकडे, चुकले, भाच्यांकडे जाऊ शकायचं. म्हणून त्याच्या आईचं घर टिकलं. परतताना गाडीत म्हणाला, "कुमासीत मी एवे, केटात मी असांते, आणि निवडणुकीच्या वर्षी दोन्हीकडे संशयित."

निवडणुकीचं का, तर असांते भाग बहुतांशी एका पक्षाचा आणि वोल्टा भाग दुसऱ्याचा. १९५७ मध्येच समाज किंवा धर्माच्या नावावर पक्ष काढायला कायद्याने बंदी झाली. पक्षांची नावं बदलली, मतांचे नकाशे फारसे बदलले नाहीत. एवेंच्या बाबतीत तर सीमेचाही काच आहे. बरेचसे टोगोत. १९५६ च्या सार्वमतानंतर इंग्रजांच्या ताब्यातला टोगोलँड इकडे जोडला गेला. सीमेवरच्या अफ्लाओला उभे राहिलात तर पलीकडे लोमे शहर दिसतं, आणि मावशी तिकडे राहते, तिला भेटायला पासपोर्टवर शिक्का.

ओष्ठ्य_दंत्य

अकुआताई, सगळीकडे एवढं गंभीर नसतं हेही लिहा की. उत्तरेकडचे फ्राफ्रा आणि दागाबा भेटले की एकमेकांना "माझा गुलाम" म्हणून चिडवतात, आणि दुसऱ्याने चिडायचं नाही हा नियम. मयताच्या घरीसुद्धा चालतं. लेगॉनच्या वसतिगृहात आमचा एक फ्राफ्रा आणि एक दागाबा रोज न्याहारीला भांडायचे, मला पहिला महिनाभर वाटत होतं की कधीतरी पोलीस येणार.

बुधवारची_अकुआ

खरंय. ते परक्याने करून बघू नये मात्र!

टेमाचा_नवखा

धागा वर काढतोय. तीन आठवडे आरशासमोर क्प केला. बायकोला व्हिडिओ कॉलवर वाटलं दाढ दुखतेय.

सोमवारी स्टोअरमध्ये गेलो आणि "ङ्दी" म्हटलं. (एवेत सकाळचा नमस्कार. ओष्ठ्य_दंत्य यांनी निरोपातून शिकवला.) काकांनी रजिस्टरमधून मान वर केली. म्हणाले, "पुन्हा म्हण." म्हटलं. मग तिसऱ्यांदा. मग त्यांनी आतल्या पोऱ्याला हाक मारून बोलावलं आणि त्याच्यासमोर चौथ्यांदा म्हणायला लावलं. चलनावर सही झाल्यावर मी "अक्पे" म्हटलं तर म्हणाले, क्प बरा आहे, शेवटचा ए फार लांबवतोस.

मग विचारलं, जन्म कुठल्या वारी? मला कुठे माहीत. आईला फोन लावला, तिने पत्रिका काढली. मंगळवार.

तर आता स्टोअरमध्ये मी कोम्ला आहे आणि गेटवर क्वाबेना. रखवालदाराला स्टोअरमधलं नाव कळल्यापासून तो जरा घुश्श्यात आहे. आणि काल कँटीनवाल्या बाईंनी भाताबरोबर मासा वाढता वाढता विचारलं, "सगळ्यांचं झालं, डांग्मे कधी?"

डांग्मे येणारं कुणी आहे का इथे?